हसणारा आवाज माझा आहे

लासुर्णे, ५ जून २०२५

चि. रेश्मा,

आशीर्वाद. तू मला मोबाईलवर ब्लॉक केलंस, पण आशीर्वादाला ब्लॉक नसतं, तेव्हा ते पोचले असं धरून चालतो. तुझा बारामतीचा पत्ता तुझ्या आईकडून काढला. आधी ती देईना. मग म्हणाली, "लिवा, पण शानपना लिवू नका." तेव्हा शहाणपणा न करता लिहितो आहे.

पाकीट घ्यायला गेलो तर पोस्टमास्तरने चष्म्यावरून बघितलं. म्हणाला, बारामतीला पत्र कशाला, तासाभराची वाट, मोटारसायकलला किक मारा. त्याला काय सांगू, की मागच्या महिन्यात आलो होतो, तुझ्या खोलीखाली अर्धा तास उभा होतो आणि तुझ्या खोलीतल्या त्या श्रियाने खिडकीतून मला बघून पडदा ओढून घेतला. मैत्रीण चांगली मिळाली आहे तुला. पहारा कडक आहे.

तुझी आई रोज संध्याकाळी तुझ्याशी बोलते, पण फोन घेऊन गोठ्यात जाते. मला ओसरीवर नुसतं "व्हय, व्हय" आणि "कालवण काय केलंस" एवढं ऐकू येतं. म्हशींना तुझी सगळी खबर आहे, मला नाही.

आता मुद्द्यावर येतो. यात्रेला दोन महिने होत आले. झालं तरी काय होतं? ट्रॅक्टरला ट्रॉली जोडून उलटा न्यायची स्पर्धा. दोन्ही बाजूंच्या झेंड्यांना धक्का लागता कामा नये आणि वेळ कमी लागला पाहिजे. एकतीस गडी आणि तू एकटी मुलगी. निम्म्या वाटेत तुझी ट्रॉली वाकडी झाली, सात झेंडे आडवे झाले, मांडवाचा दोर तुटला आणि कापड पंचांच्या अंगावर आलं. पंच त्या कापडाखालून हात चाचपत बाहेर आले, तेव्हा लोक हसले. हसणारच. कुणाला साधं खरचटलंसुद्धा नाही.

मग कुणीतरी काढलेला व्हिडिओ फिरला. गावच्या ग्रुपवर आला तेव्हा मीही त्याखाली तीन तोंडं टाकली, ती डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसणारी. सगळेच टाकत होते. बापाने टाकली नसती तर म्हणाले असते, मानसिंगला झोंबलं. एवढ्यासाठी तू ग्रुप सोडलास, मला ब्लॉक केलंस आणि आठवड्याला घरी यायचं ते बंद केलंस.

तू तिकडे प्रयोगशाळेत बसून लोकांच्या मातीत काय कमी आहे ते कागदावर लिहून देतेस. बापात काय कमी आहे तेही एकदा लिहून टाक. मी वाचीन.

तुझा,
आबा


लासुर्णे, २२ जून २०२५

चि. रेश्मा,

आशीर्वाद, मागच्या वेळचे आणि आत्ताचे मिळून. उत्तर आलं नाही. पोस्टमन दारावरून जाताना आता माझ्याकडे बघतसुद्धा नाही, मान खाली घालून सायकल हाणतो.

परवा सातबारा काढायला माधवीच्या दुकानात गेलो होतो. तुला ती माहीत आहे, स्टँडजवळची झेरॉक्सवाली, ऑनलाइन फॉर्म भरते ती. गिऱ्हाईक नव्हतं. मी तिला म्हटलं, आमच्या रेश्माच्या व्हिडिओखाली लोकांनी काय काय लिहिलं आहे ते मला वाचून दाखव आणि अर्थ सांग. ती म्हणाली, "आबा, कशाला जीवाला लावून घेताय?" मी म्हटलं, मला काही लागत नाही, माहिती म्हणून. तिने कॉम्प्युटरवर उघडलं. तो व्हिडिओ आता गावचा राहिलेला नाही, हे मला तिथे कळलं. इंदापूरच्या कुठल्या पेजवाल्याने उचलला आणि तिथून तो कुठे कुठे गेला, नागपूरचीही माणसं खाली लिहितात.

पहिल्याच माणसाने लिहिलं होतं "वारलो". मी म्हटलं, अरेरे, कोण हा. माधवी म्हणाली, हसून हसून वारला. त्याच्याखाली "मेलो", त्याच्याखाली "खपलो". त्याच्याखाली नुसती कवटी. कवटीचाही अर्थ तोच, पण कवटी टाकणारा वारलो लिहिणाऱ्यापेक्षा शहाणा समजतो स्वतःला. लोल नावाचा एक शब्द आहे. तो लिहिणारा अजिबात हसत नसतो, ओठसुद्धा हलत नाहीत त्याचे. आपण हं म्हणतो तसं ते. इंग्रजीत एक चार अक्षरांचा आहे, त्याचा अर्थ माधवीने सांगितला नाही, सांगण्यासारखा नाही म्हणाली, आणि तोंडावर ओढणी धरून हसली. त्या सगळ्या दुपारभरात खरं हसू तेवढं एकच बघितलं.

"हाहाहा" लांब लिहिलं तर तो माणूस बहुतेक मनातून हसला. "हा हा" असं तोडून लिहिलं तर तो हसत नाही, हिणवतो. एका पोराने तुझ्या बाजूने चार ओळी लिहिल्या होत्या, की ती चढाची जागा आहे, तिथे कुणाचीही ट्रॉली वाकडी होईल. त्याच्या चार ओळींखाली कुणीतरी एक हसरं तोंड ठेवून गेला. एकच. मी म्हटलं, हा बरा दिसतो, थोडक्यात हसला. माधवी म्हणाली, "आबा, ह्यो सगळ्यांत वाईट. ह्याचा अर्थ, तुझं बोलणं उत्तर देण्याच्याबी लायकीचं न्हाय."

गावात असं नव्हतं बघ. चावडीसमोर कुणी कुणाला हसला तर त्याचे दात दिसायचे, तो कुणाचा कोण ते माहीत असायचं, आणि त्याची पाळी आली की आपणही हसायचो. इथे नुसतं हसू आहे, माणूस नाही. मी वाचत गेलो. एका जागी तुझ्याबद्दल जे लिहिलं होतं ते माधवीने वाचलं नाही, पुढे सरकली. मी विचारलंही नाही.

माझी तीन तोंडं काय अर्थाची, ते तिला विचारायचं होतं. पण तेवढ्यात गिऱ्हाईक आलं.

आणखी एक. त्या व्हिडिओत कुणीतरी हसतंय, तो आवाज लोकांनी कापून वेगळा काढला आहे. कुणाचाही फजितीचा व्हिडिओ असला की त्याला तो आवाज लावतात. नवरदेव घोड्यावरून पडतो, त्याला तो आवाज. कुणाची पुरणपोळी फाटते, तो आवाज. माधवीने आठ-दहा दाखवले. खी खी खी, आणि शेवटी विहिरीवरच्या मोटारीने हवा धरल्यासारखा एक सूं. कोण माणूस आहे कोण जाणे.

ट्रॅक्टर शेडमध्येच आहे. उसाच्या लागणीच्या रानाची मशागत यंदा भाड्याच्या ट्रॅक्टरने करून घेतली.

तुझा,
आबा


लासुर्णे, १३ जुलै २०२५

रेश्मा,

मागच्या पत्रात मी खोटं लिहिलं. त्याच्या आधीच्या पत्रातही लिहिलं. पोस्टाचे पैसे देऊन खोटं पाठवलं, आता खरं पाठवतो.

व्हिडिओ मी काढला. कुणीतरी नाही, मीच. हसणारा आवाज माझा आहे. हे माधवीलाही पहिल्याच फटक्याला कळलं होतं. मी कोण माणूस आहे म्हणालो तेव्हा ती प्रिंटरमधला कागद नीट करत बसली. तुझ्या आईला तर केव्हाचं माहीत आहे, सत्तावीस वर्षं तो सूं ऐकते आहे ती.

काढला तो हौसेने, बाईमाणूस ट्रॉली उलटी नेतं हे पाटाच्या कडेला बसणाऱ्या आमच्या सहा जणांच्या ग्रुपवर टाकून त्यांना गप्प करायचं म्हणून. तू गाडी सुरू केलीस तेव्हा मी टाचा उंचावून उभा होतो, चित्र हलतंय ते त्यामुळेच.

मग ट्रॉली वाकडी झाली. तिचा कोपरा तुझ्या अंगावर येताना मी मोबाईलमध्ये बघितला. तुझा पाय गेला असं मला वाटलं. तू उभी राहून मागे बघितलंस, धड होतीस, आणि मला हसू फुटलं. हे पहिलं हसू. त्याला मी नाव ठेवत नाही. भीती होती ती तशी बाहेर पडली. पण तेवढ्यात सगळी माणसं हसायला लागली, शेजारच्याने माझ्या पाठीत थाप मारली आणि म्हणाला, "आबा, लेक तुमचीच न्हवं?" तिथून पुढचं हसू वेगळं आहे. ते मी जोरात काढलं. सगळ्यांपेक्षा मोठ्याने. मला त्यांच्यातला व्हायचं होतं, तुझ्यातला नाही. लोकांनी कापून घेतलंय ते हे दुसरं. नीट निवडून घेतलं, मला वाटतं हिणवण्याचं हसू कुठून सुरू होतं ते त्यांना बरोबर ऐकू येतं.

घरी येऊन त्या ग्रुपवरही मीच टाकला. वर लिहिलं, बघा आमच्या घरचा पायलट, आणि तीच तोंडं. दुसऱ्याने हसायच्या आधी आपणच हसलं की लागत नाही, असा माझा आजवरचा समज. स्वतःपुरता तो चालला. तुला न विचारता तुझ्यावर चालवला. सहा जणांतून तो गावात गेला, गावातून इंदापूरला.

परवा इंदापूरला जाऊन त्या पेजवाल्याला गाठला. सोपान नाव त्याचं, मोबाईलचं दुकान आहे. चार शिव्या तयार ठेवून गेलो होतो. पोरगा पाया पडला. बिनसाखरेचा चहा मागवला माझ्यासाठी. म्हणाला, आबा, तुमचा आवाज म्हणजे महाराष्ट्राचा आवाज, एकदा समोर हसून दाखवा. आणि खरं सांगतो रेश्मा, माझ्या तोंडावर हसू यायला लागलं होतं. मग मी म्हटलं, ज्या पोरीला हसलो ती माझी लेक आहे, ती घरी येत नाही. त्याने त्याच्याकडचा काढून टाकला, माझ्यासमोर. पण म्हणाला, दुसऱ्यांनी घेतलेला आवाज आता आपल्या हातात नाही.

माझं हसणं माझ्या हातात राहिलं नाही. मी मेल्यावरही कुणाची तरी पुरणपोळी फाटेल आणि मी हसेन.

माझं चुकलं. हे मी कधी कुणाला म्हटल्याचं आठवत नाही, तुझ्या आईलाही नाही, तिने पत्र वाचलं तर भांडेल. तरी लिहितो. माझं चुकलं.

आबा


लासुर्णे, ६ ऑगस्ट २०२५

चि. रेश्मा,

आवाज परत घेता येत नाही, तर निदान त्याला मालक तरी असावा, म्हणून मी एक व्हिडिओ केला. माधवीने मोबाईल धरला. ट्रॅक्टरसमोर उभा राहिलो. पाठ केलेलं सगळं विसरलो. जे बोललो ते असं: "राम राम. त्या हसण्यातला मानूस मी हाय. ती पोरगी माझी लेक हाय. चौदाव्या वर्षापासनं ट्रॅक्टर चालवतीया, आन् हितल्या कुठल्याबी गड्यापेक्षा चांगला चालवतीया. मी तिला हसलो ती माझी चूक हाय. तुमी आता तिला हसायचं सोडा." झालं. मग बंद कसा करायचा असतो ते माहीत नव्हतं म्हणून उगाच हात जोडून उभा राहिलो, आणि मागून आपली तांबडी म्हैस ओरडली.

आता ते मला हसतात. पहिल्या दिवशी पन्नास, तिसऱ्या दिवशी मोजायचं सोडलं. वारलो आहे, कवटी आहे, सगळे जुने पाहुणे आहेत. एकाने लिहिलं, बाप असावा तर असा, आणि पुढे विदूषकाचं तोंड. हा चांगलं म्हणतो का वाईट, यावर मी आणि माधवीने पाऊण तास घातला, ठरलं नाही. कुणीतरी माझ्याच व्हिडिओला माझंच हसू लावलं आहे. म्हणजे मी हात जोडून उभा आहे आणि मीच मला खी खी खी करतोय.

मला वाटलं होतं मला काही लागणार नाही. अठ्ठावन्न वर्षांचा माणूस, दोनदा ग्रामपंचायतीला पडलेला. पण सकाळी चहा पिता पिता ते उघडतो आणि एकेक कवटी बघेपर्यंत चहा गार होतो. जेवायला बसलो की घास फिरतो. कुणी रस्त्यात मोबाईलमध्ये बघून हसला तरी वाटतं, मलाच. तुला किती झालं असेल ते आत्ता कळतंय. तू पंचविशीची, रोज चारचौघांत कामाला जातेस, आणि तुला हसणाऱ्यांत पहिला आवाज घरचा.

तुझ्या आईने व्हिडिओ बघितला. मी ओसरीवर बसलो होतो, आतून ती म्हैस चार वेळा ओरडली, म्हणजे चार वेळा बघितला. बाहेर येऊन म्हणाली, "केस तरी इंचरायचं व्हतं." आणि मला आज न मागता वाढलं.

गौरी एकतीसला बसणार आहेत. दरवर्षी मुखवटे तू पुसतेस. यंदा तुझ्या आईने, म्हणजे कौसल्याबाईंनी, डबा काढून तुझ्या फळीवर ठेवला आहे आणि मला हात लावू दिलेला नाही. मी ये म्हणत नाही. म्हणायचा माझा हक्क मीच घालवला. नुसतं तारीख कळवतो.

आशीर्वाद.

आबा


बारामती, २४ ऑगस्ट २०२५

आबा,

नमस्कार. तुमची चारही पत्रं मिळाली. श्रिया मोठ्याने वाचायची आणि मी भांडी घासत ऐकत नाही असं दाखवायचे. पडदा ओढला तो तिने नाही, मी ओढला होता. उगाच तिला नावं ठेवू नका.

व्हिडिओ तुम्ही काढलात आणि तुम्हीच पाठवलात, हे मला पहिल्या दिवसापासून माहीत आहे. तुमचा आवाज मी ओळखणार नाही का? तिसऱ्या पत्रापर्यंत वाट बघत होते, कधी कबूल करताय. आमच्या लॅबमधल्या एकाने त्या आवाजाची रिंगटोन ठेवली आहे. ती वाजली की सगळे हसतात. पहिल्यांदा वाजली तेव्हा मी हातातली मातीची पिशवी तिथेच टाकून बाहेर गेले होते.

तुम्ही हसण्याचे एवढे प्रकार लिहिलेत, एक मी सांगते. तुमचा फोन घेत नव्हते ना, तेव्हा तुमची आठवण आली की मी तोच व्हिडिओ लावायचे. लोक माझी फजिती बघायला लावतात, मी तुम्हाला ऐकायला लावायचे. राग यायचा आणि पुन्हा लावायचे. शेवटचा तो सूं आला की बरं वाटायचं. श्रिया मला वेडी म्हणते.

पण तुम्हाला एक गोष्ट अजून माहीत नाही. चार पत्रांत तुम्ही सगळं लिहिलंत, तेवढं एक नाही, कारण ते तुम्हाला दिसलंच नसणार. मला ट्रॉली शिकवली तेव्हा तुम्ही शेवटच्या खुणेमागे उभे राहायचात. हातांनी काही दाखवायचा नाहीत, नुसते उभे. मी मान वळवून तुमचं तोंड बघायचे. ट्रॉली डावीकडे जायला लागली की तुमची डावी भुवई वर जायची, उजवीकडे गेली की तोंड वाकडं व्हायचं. तुम्हाला कुणी कधी सांगितलं नसेल, पण होतं असं. दहा वर्षं मी त्यावर ट्रॅक्टर उलटा चालवते आहे. यात्रेच्या आदल्या दिवशी मी म्हटलं होतं, शेवटच्या झेंड्यामागं उभे राहा. तुम्ही राहिलात. मी मान वळवली, तर तुमच्या तोंडाच्या जागी मोबाईल होता.

मी दोनदा बघितलं. दुसऱ्यांदा बघेपर्यंत ट्रॉली गेली होती.

लोक हसले त्याचं मला फार काही नाही. तुमच्या हसण्याचंही आता कमी झालंय. मी ज्याच्या भरवशावर मागे बघत होते ते तिथे नव्हतं, याचा राग होता. अजून आहे. येताना घेऊनच येणार आहे, आईला सांगून ठेवा.

शनिवारी दुपारच्या एस.टी.ने येते. ट्रॅक्टरची बॅटरी उतरली असेल, चार्ज करून ठेवा. ट्रॉली जोडा. शेडपासून रस्त्यापर्यंत दोन्ही बाजूंनी विटा लावा, अंतर यात्रेतल्याएवढंच, माझी दया येऊन जास्त ठेवू नका. शेवटच्या विटेमागं तुम्ही उभे राहा. मोबाईल आईकडे द्या.

मला तुमचं तोंड दिसलं पाहिजे, हसत असलं तरी.

तुमची,
रेश्मा